क्वेबेकच्या शेतकरणींचं मंडळ शंभर वर्षं टिकलं कसं? कुणाला माहीत आहे का?

फोंडा_सचिव

नमस्कार मंडळी. फोंडा तालुक्यातल्या एका गावच्या महिला मंडळाची मी सचिव आहे. पुढच्या वर्षी मंडळाला पन्नास वर्षं पूर्ण होतात, म्हणून स्मरणिका काढायचं ठरलंय. कपाटात इतिवृत्ताच्या सात वह्या सापडल्या, त्यातल्या दोन वाळवीने अर्ध्या खाल्ल्यात. ज्यांना जुनं आठवतं अशा आता तिघीच उरल्या.

माझी भाची कॅनडातल्या क्वेबेक प्रांतात, माँट्रियलला असते. तिला हे सांगितलं तर म्हणाली, मावशी, इथे अगदी तुमच्यासारखी मंडळं आहेत, 'सर्क्ल द फेर्मिएर' म्हणतात, म्हणजे शेतकरणींची मंडळं. १९१५ सालची. फ्रेंच बोलणाऱ्या बायका विणतात, टिकवणाचे पदार्थ करतात, महिन्याला सभा घेतात. मध्ये एकदा तिथल्या बिशपांनी 'हे मंडळ सोडा आणि आमच्यात या' असं सांगितलं होतं, तरी बायका हलल्या नाहीत म्हणे. भाचीला यापुढचं ठाऊक नाही.

हे विचारण्यामागे माझं एक दुखणं आहे, ते लपवत नाही. दोन महिन्यांमागे गावातली काही वजनदार माणसं आमच्याकडे आली. तुमचं मंडळ आमच्या फलकाखाली आणा, शिलाई मशिनं देतो, सहल काढतो, म्हणाली. नाही म्हटलं तर सभागृहाची किल्ली मिळेनाशी झाली. गेल्या महिन्याची सभा आम्ही अध्यक्षबाईंच्या बलकांवात, म्हणजे घरापुढच्या ओट्यावर घेतली, तेवीसजणी, अर्ध्या पायऱ्यांवर. काही जणी म्हणतात, जाऊया ना, मशिनं तर मिळतील. त्यांना वाईट म्हणता येत नाही. गरज आहे.

त्या बायका उभ्या कशाच्या बळावर राहिल्या, हे मला समजून घ्यायचंय.

सांखळीकर

सचिवताई, उत्तर माझ्याकडे नाही. वाळवीच्या वह्यांबद्दल तेवढं सांगतो. त्यांना रॉकेल किंवा औषध काही लावू नका, शाई पसरेल. खिडकीपाशी सकाळच्या उजेडात एकेक पान मोबाईलवर टिपून घ्या, पान सपाट धरायला काच ठेवा. खाल्लेली पानंसुद्धा टाकू नका. आमच्या देवस्थानच्या जुन्या वह्या अशाच वाचवल्या.

मडगावची_शिक्षिका

बाय, तुझं वाचून रात्री बराच वेळ जागी राहिले, कारण मी त्या मंडळात बसून आलेय. माझी लेक क्वेबेकमधल्या शिकूतिमी गावी असते. तिच्या बाळंतपणासाठी गेले आणि मग नातवाला सांभाळायला असे मिळून तीन हिवाळे तिथे काढले. त्यांचं अगदी पहिलं मंडळ सुरू झालं तेच हे शिकूतिमी, आणि तसंच रोबेर्व्हाल. साल १९१५.

आधी हे सांगते, की सुरुवात बायकांनी केली नाही. आल्फोन्स देझिले आणि जॉर्ज बुशार या दोन कृषितज्ज्ञांनी केली, सरकारच्या कृषिखात्याच्या आधाराने. त्या काळी क्वेबेकच्या खेड्यातली माणसं घरदार सोडून खाली अमेरिकेत, न्यू इंग्लंडच्या कापडगिरण्यांत जात होती. १८४० ते १९३० या काळात सुमारे नऊ लाख फ्रेंच कॅनडियन असे गेले. हे गोव्याच्या माणसाला उकलून सांगायला नको. आपल्याकडची माणसं मुंबईला गेली, बोटीवर गेली, आखातात गेली, आणि कुलूप घातलेली घरं आपण येता-जाता बघतो. देझिले-बुशार यांचा हिशेब असा, की घरातली बाई शेतावर रमली तर घर शेतावर राहील. नमुने त्यांच्यासमोर दोन होते. एक बेल्जियममधल्या शेतकरणींच्या मंडळांचा. दुसरा शेजारच्या ओंटारिओ प्रांताचा: तिथे १८९७ मध्ये स्टोनी क्रीक या गावात इंग्रजी बोलणाऱ्या बायकांची पहिली 'विमेन्स इन्स्टिट्यूट' निघाली होती. तिच्यामागे ॲडलेड हूडलेस ही बाई होती. तिचं तान्हं मूल खराब दुधाने गेलं, आणि घरकाम म्हणजे शिकायची विद्या आहे हे सांगत ती उरलेलं आयुष्य फिरली.

तर कृषिखातं या मंडळांना बियाणं द्यायचं, उबवायला अंडी, मधमाश्यांच्या पेट्या द्यायचं. माणसं पाठवून शिकवायचं. मंडळाने काय करावं तेही बऱ्यापैकी वरूनच ठरायचं: कोंबड्या पाळा, परसबाग करा, विणा, टिकवा, मुलं नीट वाढवा. बाईची जागा घरात, हे त्यात गृहीतच होतं. ते मी झाकून ठेवणार नाही. स्मरणिकेत आपण आपल्या संस्थापकांचे फोटो छापतो तेव्हा हेही लिहायला हवं, असं मला वाटतं.

पण खेड्यातल्या बाईला महिन्यातून एक दुपार घराबाहेर पडायचं कारण मिळालं. तिथला हिवाळा मी पाहिलाय. जानेवारीत उणे तीसपर्यंत पारा उतरतो, दार उघडलं की नाकातला श्वास गोठतो. एक घर दुसऱ्या घरापासून लांब. अशा ठिकाणी चर्चखेरीज जायला जागा नव्हती, तिथे सभा झाली. सभेत अध्यक्ष निवडायचा, खजिनदार निवडायची, हिशेब वाचून दाखवायचा. या बायकांना प्रांताच्या निवडणुकीत मतदान करायला १९४० साल उजाडावं लागलं. त्या वर्षीसुद्धा कार्डिनल व्हिलन्यव यांनी बायकांच्या मताधिकाराला उघड विरोध केला होता. म्हणजे मतपेटीच्या कितीतरी आधी, पंचवीस वर्षं, त्या मंडळात हात वर करून मत देत होत्या. मला हे सगळ्यात मोठं वाटतं.

आता बिशपांचं. १९४४ मध्ये धर्मपीठाने शेतकरणींचा वेगळा कॅथलिक संघ काढला आणि सांगितलं, की सरकारच्या हाताखालचं मंडळ सोडा आणि इकडे या. त्या काळच्या क्वेबेकमध्ये चर्चचा शब्द म्हणजे काय ते समजून घे. शाळा त्यांची, इस्पितळ त्यांचं, जन्म-लग्न-मरणाची नोंद त्यांच्या वहीत. रविवारी व्यासपीठावरून पाद्री जे सांगेल ते घरोघरी आठवडाभर चाले. अशा माणसाने सांगितल्यावर काही मंडळं फुटली, काही गावांत बहिणी-बहिणी दोन बाजूंना गेल्या. तरी बहुतेक बायका हलल्या नाहीत. रविवारी चर्चमध्ये मिसेला जात राहिल्या, तिथला प्रसादाचा पाव घेत राहिल्या, श्रद्धा सोडली नाही, आणि मंडळही सोडलं नाही. श्रद्धा आणि मंडळ यांतलं एक निवडायची सक्ती त्यांनी मानलीच नाही.

ज्या गेल्या त्यांनाही मी कमी लेखत नाही. त्यांचा संघ १९६६ मध्ये दुसऱ्या एका संघटनेत मिळाला आणि त्यातून 'आफेआस' ही बायकांची संघटना निघाली. नवऱ्याच्या दुकानात, शेतात आयुष्यभर बिनपगारी राबणाऱ्या बायकांच्या कामाची कायद्यात दखल घ्यावी, म्हणून ती पुढे हिरिरीने लढली. म्हणजे सोडून गेलेल्या बाईचंही काही वाया जात नाही.

कशाच्या बळावर राहिल्या, विचारतेस. मी इतिहासकार नाही. मला दिसलं ते सांगते.

लेकीने मला पहिल्यांदा तिथे नेऊन सोडलं ते गावच्या सभागृहाच्या तळघरात. मंगळवारची दुपार. फ्रेंच मला 'बोंझूर'च्या पुढे येत नव्हतं. खाली सहा माग होते, लाकडी, हातमाग, एकीकडे भिंतीशी सुताची बुटकी कपाटं. कपाटावर चिठ्ठी, कुणी किती सूत घेतलं ते लिहायला. मागावर कोरलेलं नाव 'लक्लेर', हे माग करणारं घराणं तिथलंच, लिस्ले गावचं, १८७६ पासूनचं. सत्तरीच्या पुढची एक बाई चष्मा कपाळावर चढवून ताणा भरत होती. मला बघून तिने नुसती हाताने शेजारची खुर्ची दाखवली.

त्या बायका 'कातालोन्य' विणतात. म्हणजे आपली वाकळ म्हण ना! जुने कपडे फाडून त्यांच्या लांब पट्ट्या करायच्या, त्यांचे गोळे वळायचे आणि सुती ताण्यात बाणा म्हणून त्या पट्ट्या घालायच्या. आपण थरावर थर ठेवून सुईने धावदोरा घालतो, त्या मागावर विणतात, एवढाच फरक. घरात फाटलेलं काही फेकायचं नाही, ही बुद्धी तीच. दुसऱ्या हिवाळ्यात मी इथून आईची एक जुनी सुती नऊवारी घेऊन गेले. विटलेली, पण लाल रंग अजून धरून होता. पट्ट्या फाडून बसले तर बाणा पातळ पडायला लागला, कापड जाळीसारखं दिसायला लागलं. त्या चष्म्याच्या बाईने माझा हात थांबवला, पट्टी उलगडली, दुमडली, पुन्हा दुमडली आणि धोट्यावर गुंडाळून दिली. मग फणी दोनदा ठोकायची, हे बोटांनी दाखवलं. मधेच माझ्याकडून ताण्याचा एक धागा तुटला. मला वाटलं सगळं बिघडलं. तिने वाकून दोन टोकं धरली, इतकी बारीक गाठ मारली की मला ती पुन्हा शोधून सापडली नाही. काठाचं काय करायचं असं मी खुणेने विचारलं. काठ तिने बाजूला ठेवायला लावला आणि शेवटी कडेला तोच घातला. ती वाकळ आता नातवाच्या पलंगावर आहे.

त्या दिवशी चहाच्या वेळी लेक न्यायला आली, तिच्याकरवी मी विचारलं, हे माग कुणाचे? सरकारने दिले? त्या बाईला माझा प्रश्नच कळेना. मग म्हणाली, मंडळाचे. हा आम्ही पाय विकून घेतला. म्हणजे पिठाच्या पारीत मांस भरून भाजलेले तिथले 'पाय', 'तूर्तिएर', नाताळात सगळ्या गावात खपतात. एकेका मागामागे कुठल्या वर्षीचा बाजार, कुणी किती पाय भाजले, ते तिला पाठ होतं.

माझ्या मते उत्तर इथे आहे. बियाणं सरकारने दिलं असेल, पण हाताखाली जी वस्तू होती ती त्यांची होती, तिचा हिशेब त्यांच्या वहीत होता, आणि गाठ मारायची विद्या त्यांच्या बोटांत होती. ही विद्या कुणी कुठल्या फलकाखाली नेऊ शकत नाही. पुढे मंडळं कृषिखात्याच्या छत्राखालूनही बाहेर आली आणि स्वतःच्या पायावर उभी राहिली. २०१५ मध्ये शंभरी झाली तेव्हा सहाशेहून जास्त मंडळं होती, तीस हजारांहून जास्त सभासद.

आणि नुसतं विणकाम करतात असंही नाही. 'ओलो' नावाचं काम आहे, तिथल्या भाषेतल्या अंडं, दूध आणि संत्रं या तीन शब्दांची आद्याक्षरं. अडचणीतल्या गरोदर बायकांना हे तिन्ही मिळावं म्हणून. त्याला या मंडळांची साथ असते. अपुऱ्या दिवसांच्या बाळांसाठी मुठीएवढ्या टोप्या विणतात. माझ्या हातच्या चार टोप्या तिथल्या इस्पितळात गेल्या. कुणाच्या डोक्यावर बसल्या कोण जाणे, पण त्यांची आठवण येते.

मशिनं हवीत म्हणणाऱ्यांवर रागावू नकोस. मशिनं स्वतः घेता येतील का, एवढं बघ. चवथीला माटोळीच्या, म्हणजे गणपतीवर टांगायच्या फळा-पानांच्या बाजारात आणि जत्रेला तुमचं दुकान लागतं का? आमच्या वाड्यावरच्या बायकांनी तीन चवथींच्या नेवऱ्या आणि चकल्या विकून दोन मशिनं घेतली.

डिचोली_वकील

शिक्षिकाबाईंच्या लिहिण्यात एक भर घालतो, कारण आपल्याला हे जवळचं आहे. त्या काळच्या क्वेबेकचा दिवाणी कायदा १८६६ चा, आपल्याकडचा पोर्तुगीज दिवाणी कायदा १८६७ चा, आणि दोन्हींवर फ्रान्सच्या नेपोलियनच्या कायद्याची छाप. तिथे लग्न झालेल्या बाईला नवऱ्याच्या संमतीशिवाय करार करता येत नव्हता, कोर्टात उभं राहता येत नव्हतं. हे बदललं १९६४ मध्ये. तो कायदा आणला क्लेर कर्कलंड-कास्ग्रें यांनी. त्या १९६१ मध्ये क्वेबेकच्या विधानसभेत निवडून आलेल्या पहिल्या बाई.

म्हणजे १९४४ मध्ये बिशपांना नाही म्हणणाऱ्या बहुतेक बायका कायद्याने स्वतःच्या नावावर साधा करारही करू शकत नव्हत्या. त्या मंडळाची वही सांभाळत होत्या, हे लक्षात घ्या.

सचिवताईंना कामाचं एक: मंडळ नोंदणीकृत आहे ना? असेल तर घटनेची प्रत काढा. दुसऱ्या संस्थेत विलीन व्हायचं तर सर्वसाधारण सभा बोलवावी लागते, नोटीस द्यावी लागते, मतदान घ्यावं लागतं. चारजणींनी चहा पिताना हो म्हटलं तर ते विलीनीकरण होत नाही. आणि नोंदणी दर वर्षी पदाधिकाऱ्यांच्या यादीसह अद्ययावत आहे का, तेही बघा. वाद इथेच सुरू होतात.

वास्को_ते_ओटावा

मी ओटावाला राहतो म्हणून क्वेबेकबाहेरच्या फ्रेंच बायकांचं थोडं सांगतो. त्यांची लढाई वेगळी, भाषेची. ओंटारिओ सरकारने १९१२ मध्ये सतरावा नियम काढला आणि फ्रेंचमधून शिकवणं पहिल्या दोन वर्षांपुरतं ठेवलं. इथल्या मरे स्ट्रीटवर गीग शाळा होती. देलोज आडनावाच्या दोन बहिणी, बेआत्रिस आणि दियान, तिथे फ्रेंचमधून शिकवत राहिल्या. १९१६ च्या जानेवारीत त्यांना हटवायला माणसं आली तेव्हा मुलांच्या आया शाळेभोवती उभ्या राहिल्या, हातात टोपीला लावायच्या लांब पिना घेऊन. पोलिसांना मागे फिरावं लागलं. तो नियम १९२७ मध्ये ढिला पडला.

त्याच ओटावात १९१४ मध्ये, पहिलं महायुद्ध सुरू झाल्यावर, आल्मांदा वॉकर-मार्शां यांनी फ्रेंच कॅनडियन बायकांची संघटना उभी केली. आधी काम सैनिकांना मदतीचं, मग गरिबांचं, मग भाषेचं. ती आजही आहे, नाव बदललंय.

पोर्तुगीज अमदानीत आपल्या गावांत मराठी शाळा लोकांनी स्वतः पैसे घालून, देवळाच्या अग्रशाळेत, कुणाच्या ओसरीवर चालवल्या. माझी आजी अशाच एका ओसरीवर बाराखडी शिकली. गीग शाळेवरून जाताना मला ती ओसरी आठवते. सचिवताई, तुमच्या सभासदांत अशा शाळेत शिकलेलं कुणी असेल तर तिचं बोलणं आधी टिपून घ्या. स्मरणिका दोन महिने उशिरा निघाली तरी चालेल.

फोंडा_सचिव

सगळ्यांचे मनापासून आभार. वकीलभाऊ, घटना सापडली, नोंदणीही चालू आहे. यादी दोन वर्षांची राहिली होती, ती सोमवारी भरतेय.

शिक्षिकाबाय, तुमचं उत्तर मी परवा सभेत मोठ्याने वाचलं. तळघरातल्या मागाचं आणि पाय विकून माग घेतल्याचं ऐकून आमच्या जुन्या तिघींतली सर्वांत मोठी उठली आणि म्हणाली, आमचीपण वही काढ, सत्त्याहत्तरची. ती वाळवीने खाल्लेल्यांतली. सांखळीकरांनी सांगितल्याप्रमाणे काचेखाली एकेक पान धरलं. एका पानाची वरची बाजू गेलेली, खाली निळ्या शाईत शिल्लक होतं: 'सभागृहाचे भाडे रुपये पाच भरले. पावती घेतली.' पुढच्या महिन्यालाही तेच. त्याच्या पुढच्यालाही. ओळीने चौदा महिने. आणि वहीच्या पाठच्या पुठ्ठ्यात पावत्या, टाचणीने टोचून ठेवलेल्या, टाचणी गंजून कागदाला चिकटलेली.

म्हणजे ते सभागृह आम्हाला कुणी मेहेरबानीने वापरायला दिलं नव्हतं. आम्ही भाडं भरत होतो. हे आमच्यापैकी एकीलाही माहीत नव्हतं.

पावत्यांच्या प्रती काढून पंचायतीला अर्ज दिलाय, भाडं ठरवा, आम्ही भरतो. विलीन व्हायचं की नाही यावर रीतसर सभा सतरा तारखेला आहे. मशिनं हवी म्हणणाऱ्या दोघींनाच नेवऱ्यांचा हिशेब मांडायला दिलाय.

एक विचारायचं राहिलं. सभेनंतर चौघी-पाचजणी जुन्या साड्या घेऊन आल्या, ते कातालोन्य करूया म्हणून. माग आमच्याकडे नाही. त्याशिवाय काही करता येतं का? आणि पट्टी किती रुंद फाडायची?

मडगावची_शिक्षिका

येतं. तीन पट्ट्यांची वेणी घाला, लांब, आणि ती गोल गुंडाळत कडेकडेने शिवत जा. त्या बायकाही असे पायपुसणे करतात. जाड कापड असेल तर दोन बोटं रुंद. सुती साडी असेल तर चार बोटं, आणि दुमडून घ्या. काठ फेकू नका. सतराच्या सभेला मी येते, सुई-दोरा घेऊन.